गाणं न कळणाऱ्या वहिनी

गाण्याचा एवढा मोठा महोत्सव ज्या बाईंनी चालवला, त्यांना गाण्यातलं काही कळत नव्हतं. ही मी चहाडी करत नाहीये. वहिनी स्वतःच येणाऱ्या प्रत्येक कलाकाराला दारातच हे सांगून टाकत. पाहुणा चपला काढतो न काढतो तोच, "या जी. मले सूरबिर काही समजत नाही, पण पाणी गरम आहे, आंघोळ करून घ्या." देशभर ज्यांच्या पाया पडायला रांगा लागत, असे भलेभले गवई मुकाट्यानं टॉवेल घेऊन आत जात.

महोत्सव मुळात त्यांच्या सासऱ्यांचा. सासरे वकील. कोर्टात किती केसेस जिंकले ते ठाऊक नाही, पण गाण्यासाठी माणूस वेडा होता. नागपूरच्या धरमपेठेतल्या घराच्या दिवाणखान्यात त्यांनी एका हिवाळ्यात गाण्याची बैठक केली, दुसऱ्या वर्षी ती अंगणात आली, आणि पुढे अंगण पुरेना म्हणून भिंतीपलीकडच्या शाळेच्या मैदानात गेली. तिथेच तिचा महोत्सव झाला. सासऱ्यांनी काही नियम घालून दिले होते. श्रोते सतरंजीवर बसतील, मग तो कोणी का असेना. कलाकार हॉटेलात नाही, घरी उतरेल आणि घरचं जेवेल. घरच्या कोणीही माइक हातात घेऊन स्टेजवर मिरवायचं नाही. या तिसऱ्या नियमामुळे निवेदक बाहेरचा लागायचा, आणि तो मी होतो.

मी कॉलेजात मराठी शिकवायचो. निवेदन करायचं म्हणजे कलाकाराला स्टेजवर आणण्याआधी विशेषणांची आरास मांडायची, अशी माझी समजूत होती. पहिल्याच वर्षी वहिनींनी ती मोडीत काढली. त्यांचे यजमान, म्हणजे आमचे भाऊसाहेब, स्टेजवर मागे एका जोडीदारासह तानपुरे घेऊन बसत. अत्यंत गरीब माणूस. सुरात बुडालेला, आणि बायकोच्या धाकात त्याहून जास्त बुडालेला. मी तिसऱ्या विशेषणावर पोचलो की वहिनी पडद्याआडून त्यांना खूण करत आणि तानपुरे सुरू होत. तानपुरे सुरू झाल्यावर कोण बोलणार? मी एकदा तक्रार केली तर म्हणाल्या, "सर, तुमचं बोलणं चांगलंच असते. पण ते ऐकाले तुम्ही एकटेच आले राहता."

त्या मूळच्या सावनेरच्या. माहेरी संत्र्यांचे बगीचे, कापूस, बैलं, भरपूर माणसं. लग्न होऊन या घरात आल्या तेव्हा सकाळी रियाजाचा आवाज ऐकून त्यांना कोणाचं तरी पोट दुखत असावं असं वाटलं होतं, हे त्याच सांगत आणि स्वतःच हसत. सासऱ्यांनी त्यांना वर्षभर राग शिकवून पाहिले. शेवटी त्यांनी हात टेकले आणि सुनेच्या हाती कोठीच्या किल्ल्या दिल्या. त्या दिवसापासून महोत्सव खऱ्या अर्थानं सुरळीत चालू लागला, असं ते वकीलसाहेबच म्हणायचे.

माइक तपासण्याची वहिनींची पद्धत मी दुसरीकडे कुठेच पाहिली नाही. साउंडवाला "हॅलो, हॅलो, चेक" करू लागला की त्या त्याला थांबवायच्या. "घरी कोणी असं बोलते काय गा?" मग त्या स्वतः मैदानाच्या पार शेवटच्या सतरंजीवर जाऊन बसत आणि मला स्टेजवरून बोलायला लावत. काय बोलायचं तेही ठरलेलं. "वहिनी, भाजी आणली का?" हे वाक्य, न ओरडता, साध्या आवाजात. ते जर त्यांना स्वयंपाकघरातल्यासारखं ऐकू आलं तर माइक बरोबर. नाही आलं तर पुन्हा. मराठीचा प्राध्यापक रिकाम्या मैदानासमोर उभा राहून भाजीची चौकशी करतो आहे, हे दृश्य माझ्या काही विद्यार्थ्यांनी पाहिलं आणि कॉलेजात माझी उरलीसुरली अब्रू तिथेच गेली. पण आमच्या मैदानावर शेवटच्या माणसाला पहिला आलाप ऐकू यायचा, हेही खरं.

गाणं कसं झालं हे त्यांना कळायचं नाही असं नाही. ते त्यांना चहावाल्याकडून कळायचं. मैदानाच्या फाटकाशी चहाची टपरी असे आणि कार्यक्रम चालू असताना वहिनी तिच्याजवळच्या बाकावर बसत. चहावाल्याचा चेहरा पडलेला दिसला की समजायचं, आज गाणं रंगलं. टपरीवर गर्दी झाली की कलाकार कितीही नावाजलेला असो, वहिनींच्या हिशेबी त्याचं पुढच्या वर्षीचं आमंत्रण गेलं. आम्ही जाणकार मंडळी लयकारीवर वाद घालत असू आणि त्या शांतपणे म्हणत, "मधात लोक भजी खाऊन राहिले होते जी." 

एकदा एक मोठे पुढारी आले. सोबत माणसं, पुढे-मागे गाड्या. त्यांच्यासाठी सोफा मागवावा असं आमच्यातल्या एकाला वाटलं आणि त्यानं चुकून ते वहिनींना विचारलं. वहिनी स्वतः फाटकापर्यंत गेल्या. पुढाऱ्यांना घेऊन आल्या, चपलांच्या ढिगाजवळ सतरंजीचा एक कोपरा झटकला आणि म्हणाल्या, "साहेब, इथून लई मस्त ऐकू येते. मी तपासलं आहे." त्यांच्या हातात एक संत्रं दिलं आणि निघून गेल्या. पुढारी बसले. पूर्ण गाणं होईस्तोवर बसले. नंतर त्यांनीच कोणाला तरी सांगितलं म्हणे, की असं मांडी घालून आपण कॉलेज सुटल्यापासून बसलो नव्हतो.

हे सगळं गमतीजमतीत चाललं होतं. मग सासरे गेले, आणि महोत्सवाचं पुढे काय हा प्रश्न आला.

वहिनींचे धाकटे दीर पुण्याला असत. इंजिनिअर माणूस, पण वडिलांचा कान त्यांनाच मिळालेला. महोत्सवाला दरवर्षी येत, पहिल्या रांगेत डोळे मिटून बसत. त्यांना वाटत होतं की आता महोत्सवाची सूत्रं आपण घ्यावीत. सभागृह, खुर्च्या, कलाकारांसाठी हॉटेल, सगळं नीटनेटकं. त्यांचा हेतू वाईट होता असं मी मुळीच म्हणणार नाही. वडिलांनी कानानं उभं केलेलं काम नुसत्या खाण्यापिण्यावर येऊन थांबेल, ही भीती त्यांना मनापासून वाटत होती. महोत्सवाच्या आधी आम्ही विश्वस्त मंडळी (सासऱ्यांनी त्यांत मलाही घेतलं होतं) वहिनींच्या घरी जमलो होतो, तेव्हा ते सगळ्यांसमोर म्हणाले, "वहिनी, तुमच्या कष्टांबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण बाबांच्या महोत्सवाच्या मुख्य माणसाला निदान समोर कोणता राग चालू आहे एवढं तरी कळायला हवं ना?"

भाऊसाहेब खाली पाहू लागले. आम्हीही. वहिनी म्हणाल्या, "बरोबर आहे भाऊजी. मले नाही कळत." आणि चहा करायला आत गेल्या. त्या दिवशीच्या चहात साखर नव्हती. त्या घरात असं कधी झालेलं मला आठवत नाही.

ठरलं असं की यंदाचा महोत्सव नेहमीसारखा होऊ द्यावा आणि शेवटच्या दिवशी, कार्यक्रम संपल्यावर, घरीच बसून मुख्य कोण हे ठरवावं. निघताना वहिनी फाटकापर्यंत सोडायला आल्या. एरवी त्या फाटकाशी मला उद्याची कामं सांगत. त्या दिवशी म्हणाल्या, "सर, मी एकोणीस वर्षाची होती, तेव्हापासून हे माह्यं घर आहे. ह्या मैदानावरची प्रत्येक सतरंजी म्या उन्हात वाळवली. आता मले सूर कळत नाही म्हणून मी परकी झाली काय जी?" मी उलट त्यांनाच उद्याची कामं विचारली. मला बोलायचे पैसे मिळत नसले तरी बोलण्याबद्दल माझं नाव होतं, आणि नेमकं तेव्हा मला हेच सुचलं. मला फार वाईट वाटलं.

शेवटचा दिवस रविवार. आमच्या महोत्सवाचं वैशिष्ट्य म्हणजे दुपारचं सत्र. सासरे म्हणायचे, दुपारचे राग बिचारे कोणाच्या वाट्याला येत नाहीत, कारण गाणं ऐकणारे त्या वेळी ऑफिसात असतात नाहीतर झोपलेले. म्हणून नागपूरच्या हिवाळ्यात, कोवळ्या उन्हात, दुपारी गाणं. त्या रविवारी उत्तरेकडचे एक फार मोठे पंडितजी गाणार होते. सत्तरी ओलांडलेले. दिरांनी त्यांना मुद्दाम विनंती केली होती की वडिलांच्या आठवणीसाठी भीमपलास गावा, त्याच्या वेळेला, उन्हं असताना. पंडितजींनी ते मोठ्या आनंदानं कबूल केलं होतं.

पंडितजी सकाळी आले तेच दमलेले. लागोपाठ तीन गावांत कार्यक्रम, मध्ये विमानं, मध्ये मोटारी. वहिनींनी त्यांना पाहिलं आणि दुपारच्या जेवणाचा ठरलेला हलका बेत बाजूला सारून वडाभात केला. परगावच्या वाचकांना सांगायला हवं, की वडाभात म्हणजे डाळींचे वडे गरम भातावर कुस्करायचे आणि वर हिंग-मोहरी-लाल मिरचीची तेलाची फोडणी घालायची. सोबत कढी. हा पदार्थ खाऊन नागपूरकर माणूस कोणतंही काम करू शकतो, फक्त जागा राहू शकत नाही. दिरांनी पान पाहिलं आणि म्हणाले, "वहिनी, यांना तीन वाजता गायचं आहे."

"माणूस उपाशी आहे भाऊजी," वहिनी म्हणाल्या, "पोटात काही असलं तर गाईल ना."

पंडितजींनी पहिला घास घेतला आणि डोळे मिटले. दिरांना माहीत असलेल्या अर्थानं नाही, वेगळ्याच. मग त्यांनी पुन्हा मागितला. वहिनींनी वाढला. पुन्हा मागितला. वहिनींनी पुन्हा वाढला, आणि वर एक वडा आग्रहाचा. नंतर पंडितजी म्हणाले, पाच मिनिटं पाठ टेकतो. आतल्या खोलीत उन्हाचा कवडसा पडलेल्या गादीवर ते आडवे झाले आणि वहिनींनी त्यांच्या अंगावर गोधडी घातली.

तीन वाजले. मैदान भरलेलं. तबलजी आणि पेटीवाले हात चोळत बसलेले, भाऊसाहेबांचे तानपुरे जुळलेले. पंडितजी घोरत होते. दीर खोलीच्या दाराशी आले. दारात वहिनी उभ्या होत्या.

"उठवा त्यांना."

"नाही."

"वहिनी, लोक बसलेत. भीमपलासची वेळ निघून चालली आहे. बाबांसाठी होता तो."

वहिनींचा चेहरा उतरला. पण त्या दारातून हलल्या नाहीत. "थकलेला माणूस आपल्या घरी पोटभर जेवून झोपला. त्याले आता गदागदा हलवून गाणं करवाचं, तर मंग घरी काहून बोलावलं? हॉटेलातच ठेवलं असतं. माह्या घरात झोपलेल्या पाहुण्याले उठवत नाही भाऊजी. आजच्या नंतर तुम्ही काय ठरवाचं ते ठरवा."

दिरांनी मला स्टेजवर पाठवलं. वेळ काढा म्हणाले. आयुष्यात पहिल्यांदा मला हवं तितकं बोलायची परवानगी मिळाली होती, आणि मी ती वाया घालवली नाही. आता त्या भाषणाची आठवण झाली की कानशिलं तापतात. लोक चुळबुळ करू लागले, मागून एकदोन टाळ्या आल्या, त्या कशासाठी होत्या हे निवेदकाला बरोबर कळतं. तेवढ्यात माझ्या हातातला माइक कोणीतरी काढून घेतला. वहिनी होत्या. त्या घरातलं माणूस माइक घेऊन स्टेजवर येण्याची ती पहिली वेळ. खाली दिरांनी कपाळावर हात मारलेला मला दिसला.

"नमस्कार," वहिनी म्हणाल्या. आवाज भाजी विचारावी इतका साधा. "मी ह्या घरची सून. मले गाणं समजत नाही, म्हणून मी इकडे येत नाही. आज आली, कारण चूक माझी आहे. पंडितजीले म्या वडाभात वाढला. एक वडा जास्त झाला."

मैदान हसलं. वहिनी हसल्या नाहीत.

"ते झोपले आहेत. म्या उठवलं नाही, अन् उठवणार नाही. ज्याले घाई असेल त्यानं जावं, आपला राग नाही. ज्याले थांबाचं आहे त्याच्यासाठी माह्या भावाच्या बगिच्यातली संत्री आली आहेत. ऊन चांगलं आहे, बसा, लवंडा. सालं खिशात ठेवा, सतरंजीवर टाकू नका."

एवढं बोलून त्यांनी माइक माझ्या हातात परत दिला. मी तो बंद केला.

आणि लोक थांबले. सगळे नाही, पण फाटकाकडे गेलेल्यांची संख्या फार नव्हती. संत्र्यांच्या टोपल्या फिरल्या. मैदानभर सालांचा वास पसरला. म्हाताऱ्यांनी शाली गुंडाळून उशाशी घेतल्या, बायकांनी स्वेटरं काढली, अनोळखी माणसं एकमेकांना फोडी देऊ लागली. खुर्च्या असत्या तर कोणाला लवंडता आलं नसतं. भाऊसाहेबांनी कोणाला न विचारता तानपुरे छेडायला सुरुवात केली आणि थांबलेच नाहीत. शब्द नाही, राग नाही, नुसता सूर. त्या उन्हात मलाही डुलकी लागली हे कबूल करायला हरकत नाही.

पंडितजी जागे झाले तेव्हा उन्हं उतरली होती. ते घाईघाईनं बाहेर आले, वहिनींना म्हणाले, "किसी ने उठाया क्यों नहीं?"

वहिनींचं हिंदी आमच्या सगळ्या नागपूरकरांसारखंच. "आप सो रहे थे ना जी," त्या म्हणाल्या. "सोए हुए आदमी को कायको उठाने का?"

पंडितजींनी भिंतीवरून मैदानाकडे पाहिलं. इतकी माणसं उन्हात, संत्री खात, त्यांची झोप पुरी होण्याची वाट पाहत बसली होती.  मग ते वहिनींना म्हणाले, "आप सामने बैठेंगी, तभी गाऊँगा." वहिनींनी चुलीवर चहाचं पातेलं असल्याचं कारण सांगितलं. ते चाललं नाही. स्वतः दिरांनीच त्यांच्या हातातली गाळणी काढून घेतली. वहिनी पहिल्या रांगेत, दिरांच्या नेहमीच्या जागेशेजारी बसल्या. अंग चोरून, परक्या घरी बसावं तशा.

स्टेजवर बसल्यावर पंडितजी म्हणाले, "जहाँ जाता हूँ, लोग मुझे उठाते हैं. गाड़ी के लिए, जहाज़ के लिए, गाने के लिए. आज किसी ने नहीं उठाया." बस्स, एवढंच. भीमपलासची वेळ केव्हाच गेली होती. त्यांनी मावळतीकडे एकदा पाहिलं आणि संध्याकाळचा सूर लावला. भाऊसाहेबांचे तानपुरे दोन तास मैदानात घुमत होते, त्यामुळे पहिला स्वर आला तो कुठून तरी आधीच चालू असलेल्या गोष्टीत मिसळल्यासारखा. मी पुष्कळ गाणी ऐकली आहेत. असं पुन्हा ऐकलं नाही. दिरांनी डोळे मिटले होते आणि ते ओले होते. वहिनींनी डोळे मिटले नव्हते. त्या शेवटपर्यंत समोर पाहत होत्या, पदराचं टोक मुठीत धरून.

रात्री ठरल्याप्रमाणे आम्ही विश्वस्त दिवाणखान्यात बसलो. वहिनी आल्या नाहीत, पंडितजींचा वाटेचा डबा बांधत होत्या. दीर उठले, म्हणाले, मी बोलावून आणतो. मी पाणी पिण्याच्या निमित्तानं त्यांच्या मागे गेलो. दोघांचं काही वाजलं तर मध्ये पडावं म्हणून.

वहिनी ओट्याशी पाठमोऱ्या होत्या. वळल्या नाहीत. "भाऊजी, एक विचारू काय?"

"विचारा."

"आज ते जे गायले, त्याचं नाव काय होतं?"

दीर दारातच थांबले. बैठकीत याच प्रश्नावर त्यांनी वहिनींना गप्प केलं होतं. आता त्यांनाच उत्तर देताना कसंसं होत होतं. "पूरिया धनाश्री," ते म्हणाले.

वहिनींनी ते नाव हळूच, तुकड्या-तुकड्यानं स्वतःशी म्हणून पाहिलं. मग डब्याचं झाकण लावलं. "पुढच्या वर्षी हे पुन्हा ठेवता येईल काय?"

"वहिनी, राग असा आपण ठेवत नसतो. तो गाणारा..." दीर म्हणाले आणि थांबले. मी तेवढ्यात माझा पेला भरून घेतला.

"ठेवू," ते म्हणाले. "तुम्ही ठरवा. कोणाला विचारायचं तेवढं मला सांगा, मी कळवतो."

वहिनींनी डोळ्यांना पदर लावला, फोडणीचा धूर असल्यासारखा, पण चुलीवर नुसता चहा होता. मग कप भरून ट्रे त्यांनी दिरांच्या हातात दिला आणि म्हणाल्या, "बाहेर लोक बसले आहेत, गरम आहे तोवर नेऊन द्या." दीर ट्रे घेऊन आले. आम्ही चहा प्यायलो. ठरवायला काही उरलंच नव्हतं, म्हणून उठलो आणि आपापल्या घरी गेलो.